ऐकला असंल तं सांगा

मामांच्या तोंडून हे वाक्य निघालं की ढाणकीतल्या कुठल्याही मांडवात दोन-चार जणांना एकदम तहान लागते. वाक्य तसं फार नम्र आहे. ऐकणाऱ्याला सुटकेची वाट ठेवली आहे, असं वरवर पाहणाऱ्याला वाटतं. मागच्या उन्हाळ्यात घरच्या नव्या जावयाला तसंच वाटलं. पोरगा पुण्याचा, सरळमार्गी. तो म्हणाला, "हो मामा, साखरपुड्यात सांगितला होता तुम्ही."

मामांनी त्याच्याकडे प्रेमानं पाहिलं. म्हणाले, "नाही जावईबापू, तो वेगळा. हा वेगळा हाये."

आणि तोच सांगितला.

विनोद शकुंतलेचा आहे. ही दुष्यंताची नव्हे, यवतमाळहून मूर्तिजापूरला जाणारी. इंग्रजांच्या काळात कापूस वाहण्यासाठी टाकलेला तो अरुंद रूळ, त्याच्यावरून १९९४ पर्यंत कोळशाच्या इंजिनानं ओढलेले ते डबे आणि असा वेग की खिडकीतून दिसणाऱ्या शेतातली पऱ्हाटी कोणाची, तिच्यावर कोणती अळी पडली आणि शेतकऱ्यानं फवारणीला किती उशीर केला, एवढं सगळं बसल्या जागी कळावं. मामा तरुणपणी यवतमाळला शिकायला होते. तिथून त्यांनी पदविका आणली आणि हा विनोद आणला. पदविकेचा उपयोग झाला नाही.

तर, एक प्रवासी वैतागून गार्डाला विचारतो, "काहो, याच्याहून जोरात जाता येत नाही का?" गार्ड म्हणतो, "येते ना बाप्पा! पण ड्युटी सोडून कसा जाऊ?"

चांगला आहे विनोद. मला आजही तो मान्य आहे. जगात जिथं जिथं रखडत चालणारी छोटी गाडी होती, तिथं तिथं हा विनोद त्या गाडीच्या नावानं सांगितला गेला असणार, याबद्दल माझ्या मनात शंका नाही. पहिल्यांदा ऐकला तेव्हा मी लहान होतो आणि हसता हसता माझ्या नाकात मठ्ठा गेला होता. दुसऱ्यांदा नुसतं हसलो. तिसऱ्यांदा हसलो, कारण मामांनी माझ्या लग्नात भरघोस आहेर केला होता. त्यानंतरच्या वेळा मी मोजलेल्या नाहीत.

हसू कमी होतंय हे मामांच्याही ध्यानात आलं. मग त्यांनी तो लांबवायला सुरुवात केली. गार्डाला आधी मिशा आल्या. मग प्रवाशाच्या हातात गाठोडं आलं, गाठोड्यात लेकीसाठी नेलेल्या तिळाच्या वड्या आल्या. पुढं कधीतरी डब्यात एक बकरी चढली आणि अजून उतरलेली नाही. वाळलेल्या पऱ्हाटीला युरिया टाकावा तसा हा प्रकार. एका मिनिटाचा विनोद आता पाव तासाला जाऊन भिडला आहे. म्हणजे शकुंतला बंद पडली तरी तिचा वेग मामांनी जिवंत ठेवला आहे.

या सगळ्यात खरं शहाणपण मामींकडं आहे. त्या गार्ड तोंड उघडायच्या आधीच हसतात. मोठ्यानं हसतात, पदर तोंडाला लावतात आणि म्हणतात, "इश्श, काहीबाही सांगतात हे!" लोकांना वाटतं, एवढ्या वर्षांनीही बाईला नवऱ्याच्या विनोदाचं केवढं कौतुक! मला मामींनी एकदा भाकरी थापता थापता खरं सांगितलं. "आपण आधी हासलं की हे पाच मिन्टं आधी उठतात."

भरतमुनींनी नाट्यशास्त्रात हास्याचे सहा प्रकार सांगून ठेवले आहेत : स्मित, हसित, विहसित, उपहसित, अपहसित आणि अतिहसित. थोरामोठ्यांनी स्मितावर भागवावं, मधल्यांनी मधलं हसावं आणि खालच्या प्रतीच्या माणसांनी डोळ्यांत पाणी येईस्तोवर खिदळावं, असा त्यांचा हिशेब. मामांचा विनोद ही शिडी उलटी उतरतो. पहिल्या दिवशी सगळा मांडव अतिहसित असतो, आणि पाच-सहा लग्नांत तोच मांडव इतका सुसंस्कृत होतो की कोणाचा दात दिसत नाही. पण सातवा एक प्रकार मुनींच्या नजरेतून सुटला. त्याला मी सोयरहसित म्हणतो. त्यात ओठ हलतात, मान हलते, डोळे मात्र वाढप्याकडे असतात.

असं का व्हावं, याच्यावर मोठमोठ्या लोकांनी डोकं चालवलं आहे. कांट नावाचा जर्मन तत्त्वज्ञ होता. आयुष्यभर आपलं कोनिग्सबर्ग गाव आणि त्याच्या आसपासचा मुलूख सोडून तो कुठं गेला नाही. म्हणजे या बाबतीत आमच्या गावात सहज खपून गेला असता. त्यानं १७९० साली लिहून ठेवलं की ताणून धरलेली अपेक्षा एकाएकी फुस्स झाली की माणूस हसतो. आता गार्ड काय बोलणार हे ज्याला पाठ आहे, त्याची अपेक्षा ताणणार कशी? फ्रॉइडनं तर १९०५ साली विनोदावर अख्खं पुस्तक लिहिलं आणि पुढं १९२० मध्ये हेही नोंदवलं की तोच विनोद दुसऱ्यांदा ऐकला तर त्याचा परिणाम जवळजवळ होतच नाही. एवढ्यासाठी व्हिएन्नाला राहायची गरज नव्हती. आमच्याकडं एक लग्न जेवून गेला असता तर १९०५ मध्येच कळलं असतं.

मला पटलेलं उत्तर गुदगुल्यांचं आहे. आपल्याच काखेत आपणच बोट घातलं तर हसू येत नाही. १९९८ साली लंडनच्या काही संशोधकांनी माणसांना मेंदूच्या तपासणीयंत्रात झोपवून त्यांच्या तळहाताला गुदगुल्या केल्या. कधी त्यांच्याच हातानं हलणाऱ्या दांडीनं, कधी दुसऱ्यानं हलवलेल्या. स्वतःचा हात असला की लहान मेंदू आधीच अंदाज बांधून मोकळा होतो आणि अंगाला वर्दी देतो : काही नाही, आपलाच माणूस आहे. ऐकलेल्या विनोदाचंही तेच. मामांनी "एक गाडी होती" म्हटलं की आमच्या मेंदूतला कोणीतरी कंटाळलेला कारकून ओरडतो, आपलाच माणूस आहे, जाऊ द्या.

पण इतकंच असतं तर नुसता कंटाळा आला असता. मामांच्या विनोदानं जीव गुदमरतो, तो कशानं? याचं कारण कांटकडं नाही, मामांच्या डोळ्यांत आहे. पहिल्यांदा ऐकताना आपण गाडीत बसलेलो असतो, प्रवाशाच्या बाजूला. दुसऱ्यांदा गाडी दिसत नाही, मामा दिसतात. आणि त्यांची नजर खिळलेली असते आपल्या ओठांवर. उधारी वसूल करायला आलेला माणूस दारात उभा राहून जसा घरात डोकावतो, तेच ते पाहणं. विनोद शिळा झाला तरी एक वेळ चालतं. वसुली चालत नाही. "समजला का?" असं त्यांनी वर विचारलं तर जप्तीच आली म्हणायची.

पूर्वी विनोदाला निदान प्रवास करायला वेळ लागायचा. उमरखेडला ऐकलेला विनोद एसटीच्या कंडक्टरबरोबर ढाणकीला उतरायचा, इथल्या बाजारात आठवडाभर चालायचा, मग कोणीतरी बैलजोडी घ्यायला निघाला की त्याच्याबरोबर पैनगंगा ओलांडून हिमायतनगरला जायचा. पलीकडे नांदेड जिल्हा. नदी ओलांडली की विनोद पुन्हा कोरा. बंजाऱ्यांच्या तांड्यावर गेला की त्यांच्या गोरमाटीत नवा होऊन यायचा आणि महिनाभरानं परत आला तर आपलाच आपल्याला ओळखू यायचा नाही. गावोगाव फिरणाऱ्या कीर्तनकाराला, प्रबोधनकाराला याच गोष्टीनं तारलं. अकोटचे सत्यपाल महाराज सात खंजिऱ्या एकदम वाजवत रात्र रात्र लोकांना हसवून सोडायचे. आज या गावात, उद्या त्या गावात. विनोद तोच राहिला तरी समोरची माणसं रोज नवी. मामांची पंचाईत ही की त्यांचे नातेवाईक बदलता येत नाहीत.

आता मोबाइलनं ती नदी बुजवून टाकली. सकाळी दात घासायच्या आत एक विनोद येतो : आधी शाळेच्या बॅचच्या गटावर, मग सोयऱ्यांच्या, मग कृषी केंद्राच्या, मग भजनी मंडळाच्या. दुपारी बारापर्यंत त्याचं तेरावंही उरकलेलं असतं. संध्याकाळी तो मामांकडून येतो. खाली लिहिलेलं असतं, "नवीन आहे. पुढे पाठवा."

इथपर्यंत सगळं सरळ आहे. घोळ पुढं आहे. पुन्हा सांगितलं की विनोद मरतो, हे जर खरं, तर 'अशी ही बनवाबनवी'चं काय करायचं? १९८८ सालचा सिनेमा. टीव्हीवर इतक्यांदा लागला की आमच्या आळीतली पोरं पुढचं वाक्य आधी म्हणतात आणि अशोक सराफ मागून. तरी हसतात. बरं, ती गोष्टही कोरी नव्हे. १९६६ साली हृषीकेश मुखर्जींचा 'बीवी और मकान' येऊन गेला होता. तिथंही भाड्याची खोली मिळावी म्हणून दोन पुरुष लुगडी नेसले होते. त्याच्याही आधी अत्र्यांची 'मोरूची मावशी' होती आणि त्या मावशीचं माहेर म्हणजे १८९२ सालचं इंग्रजी नाटक, 'चार्लीज आंट'. म्हणजे शंभरावर वर्षं झाली, पुरुष लुगडं नेसून येतोय आणि माणसं हसतायत.

'वऱ्हाड निघालंय लंडनला'चंही तसंच. लक्ष्मण देशपांडे एकटेच रंगमंचावर ५२ माणसं उभी करायचे. लोकांनी त्याच्या कॅसेटी घासून घासून पाठ केल्या होत्या आणि प्रयोग लागला की हेच लोक तिकिटाच्या रांगेत. पुढं काय होणार हे माहीत असणं हाच त्यांचा आनंद होता.

मला वाटतं, गोम अशी आहे. मामांच्या विनोदात गंमत शेवटी दडवून ठेवली आहे. ती एकदा सापडली की डबा रिकामा. 'बनवाबनवी'त काही दडवलेलंच नाही. पार्वती म्हणजे मिशी काढलेला लक्ष्या, हे आपल्याला पहिल्या मिनिटापासून माहीत असतं. माहीत नसतं ते घरमालकीणबाईंना. आणि त्यांना ते पन्नासाव्या वेळीही माहीत नसतं. आपण जुने होतो, त्या बिचाऱ्या होत नाहीत. शिवाय लक्ष्मीकांत बेर्डे आपल्या तोंडाकडं पाहत नाही. आपण हसलो नाही तरी त्याचं काही अडत नाही. विनोद करणाऱ्याला एवढा बेफिकीरपणा जमला, तर तो जुना व्हायला फार वेळ लागतो.

त्याच सिनेमातल्या सत्तर रुपयांचं शेवटी काय झालं, ते मी इथं लिहीत नाही. सांगावं लागेल असा मराठी माणूस असलाच, तर त्यानं आधी सिनेमा पाहावा. पण त्या सत्तर रुपयांचा माझ्या डोळ्यांदेखत पुनर्जन्म झाला, ते मात्र लिहिलं पाहिजे.

बसस्टँडजवळच्या टपरीवर एक गिऱ्हाईक आहे. त्याचा एकच विनोद होता. टपरीवाला म्हणायचा, "उधारी कधी देतो?" तो म्हणायचा, "रेल्वे आली की." वर्धा-यवतमाळ-नांदेड रेल्वे २००८-०९ च्या अर्थसंकल्पात आली, तेव्हाचा हा विनोद. २८४ किलोमीटरचा मार्ग, पुसद, उमरखेड, हदगाव करत जाणार. आमच्या गावाला ती शिवणार नव्हतीच, पण तालुक्याला येणार म्हणून पेढे आम्हीही खाल्ले. पहिल्यांदा तो हे बोलला तेव्हा टपरीवाला इतका हसला की वहीत लिहायचं विसरला. पुढं हसू ओसरलं. निवडणूक आली की विनोदाला जरा पालवी फुटायची, निकाल लागला की पुन्हा वाळायचा. शेवटी शेवटी टपरीवाला नुसता "हं" म्हणून वही मिटायचा.

आणि २०२४ च्या फेब्रुवारीत रेल्वे आली. म्हणजे वर्ध्याहून कळंबपर्यंत आली. पंतप्रधानांनी यवतमाळला येऊन हिरवी झेंडी दाखवली. दुसऱ्या दिवशी टपरीवाल्यानं वही काढून गिऱ्हाइकासमोर आपटली. "आली रेल्वे. काढ पाचशे."

आम्ही सगळे चहा हातात धरून थांबलो. गिऱ्हाइकाचा चेहरा खरोखर उतरला होता. पाचशेचं त्याला काही नव्हतं, पण इतक्या वर्षांचा हक्काचा विनोद खरा होऊ घातला होता. माणसाला याच्यासारखं दुःख नाही. क्षणभर तो गप्प राहिला. मग म्हणाला, "कळंबलोक आली ना? मंग जितकी आली तितके घे." कोणीतरी मोबाइल काढला. वर्धा ते कळंब चाळीसेक किलोमीटर. चाळीस भागिले दोनशे चौऱ्याऐंशी गुणिले पाचशे.

सत्तर रुपये.

टपरीवर जे हसू फुटलं, ते भरतमुनींच्या कुठल्याच खान्यात बसणारं नव्हतं. एकाच्या नाकातून चहा आला. दोन मेलेले विनोद एकमेकांवर आपटले आणि दोघंही उठून बसले. टपरीवाल्यानं सत्तर रुपये घेतले की नाही, ते मला आठवत नाही, पण सगळ्यांच्या चहाचे त्यानं घेतले नाहीत. मी धावतपळत घरी येऊन बायकोला ही गोष्ट जशीच्या तशी सांगितली. ती म्हणाली, "मग?"

पोळ्याच्या झडत्यांचं कोडं मात्र मला अजून नीट सुटलेलं नाही. पिठोरी अमावास्येला आखरावर बैल उभे राहतात. आंब्याच्या पानांचं तोरण, रंगवलेली शिंगं, पाठीवर झुली, कपाळाला बाशिंगं. मग घसा साफ करत एखादा पुढं होतो, गौरा-पार्वतीला नमन करतो आणि झडती टाकतो : सरपंचावर, सावकारावर, कापसाच्या भावावर, विजेच्या भारनियमनावर, हातावर टेकवलेल्या चिल्लर पीकविम्यावर. शेवटी सगळा आखर "हर हर महादेव" करून उठतो. नव्या झडत्यांना टाळ्या पडतात, पण म्हाताऱ्यांचा आग्रह जुन्यांचा. "ते मांगच्या सालची म्हन ना!" मागच्या सालची मागच्या सालीही जुनीच होती. नाव तेवढं बदलतं. मंत्री नवा, भाव तोच. २०२४ च्या हंगामात सोयाबीनचा हमीभाव ४८९२ रुपये आणि बाजारात मिळत होते चार हजारांच्या आसपास. "यातली हमी कोनाले होती?" असं एका म्हाताऱ्यानं बैलाच्या कानात विचारलं, तेव्हा सगळे हसले आणि बैलानं मान हलवली म्हणून पुन्हा हसले. झडती करणाऱ्या एकानं मला आपली खरी अडचण सांगितली : "म्या नवी कुठून आनू भाऊ? सरकार काई नवीन करतच नाही."

लहान पोरांचं गणित आणखी निराळं. मोठ्या माणसाला ऐकलेला विनोद नको असतो आणि मुलाला तीच गोष्ट त्याच शब्दांत पुन्हा हवी असते, हेही फ्रॉइडनं लिहून ठेवलं आहे. याचा पुरावा मला पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी यवतमाळला बहिणीकडे मिळाला. तिथं तान्हा पोळा भरतो. लाकडी बैलांना चाकं, गळ्यात घुंगरं, आणि बैल ओढत बोजारा मागत फिरणारी पोरं. कॉलनीतल्या मैदानात स्पर्धा होती. पाचेक वर्षांचा एक पोरगा माइकसमोर आला आणि आजोबांनी शिकवलेली झडती खणखणीत म्हणाला. तिच्यात ज्या मंत्र्याची रेवडी उडवली होती, तो मंत्री पोराच्या बापाच्या मुंजीच्या सुमाराला सत्तेवरून गेला होता. मैदान हसून हसून लोळलं. परीक्षकांनी वही आणि रंगपेटी दिली.

पोरानं लोकांकडं पाहिलं, वही काखेत मारली आणि तीच झडती पुन्हा म्हटली. थोडे लोक हसले. त्याला ते कमी वाटलं असावं, कारण तिसऱ्यांदा त्यानं गौरा-पार्वतीच्या नमनापासून सुरुवात केली, आणि दुसऱ्या ओळीवर पोहोचायच्या आत त्याच्या आईनं त्याला बैलासकट उचलून नेलं.